दोन पाण्यांची भाजी

यंत्रं आठ होती. त्यांतली सहा चालत होती. सातव्याचा पडदा उजळायचा पण पंप फिरायचा नाही, आणि आठव्याचे भाग काढून काढून बाकीची सहा चालती ठेवलेली होती. पाणी शुद्ध करणारा संच एकच होता. रक्त धुण्याच्या, म्हणजे डायलिसिसच्या, एका पाळीला सव्वाशे लिटर निखळ पाणी लागतं, आणि पूर्णेच्या खोऱ्यातल्या त्या खारपाणपट्ट्यात बोअरमधून येणारं पाणी इतकं खारट, की कपड्याला साबण लावला तरी फेस येत नाही. त्यातून दिवसाला बारा पाळ्यांपुरतं पाणी निघायचं. बारा पाळ्या, आठवड्याचे सहा दिवस, म्हणजे बहात्तर. माणसं एकेचाळीस. प्रत्येकाला आठवड्यातून दोनदा म्हटलं तर ब्याऐंशी पाळ्या हव्यात. दहा कमी पडत होत्या.

तालुक्याच्या त्या सरकारी रुग्णालयात या दहांचा फटका रोज कुणाला तरी बसायचा. कुणाची पाळी चार तासांऐवजी अडीच तासांत उरकायची, कुणाला 'पुढच्या आठवड्यात बघू' असं सांगून परत पाठवायचं. आवाज मोठा असलेल्यांच्या पाळ्या सहसा चुकत नसत.

प्रल्हाद तायडे या एकेचाळिसांतला एक. वय त्रेपन्न, धंदा मोटारी भरण्याचा. विहिरीवरची मोटार जळाली की तिची काळी पडलेली तार उपसून काढायची आणि नवी तार वेढा-वेढा मोजून भरायची. गावात त्याचं पत्र्याचं दुकान होतं, दुकानामागे घर, आणि घरात तो आणि त्याची बायको कांचन. मूलबाळ झालं नाही. त्या पट्ट्यातल्या कितीतरी माणसांची मूत्रपिंडं जातात तशी प्रल्हादचीही गेली. त्याने ती गोष्ट धंद्याच्या भाषेत समजून घेतली होती. "मोटार जळाली," तो म्हणायचा, "भरून देणारा भेटत नाई, एवढंच."

मंगळवार आणि शुक्रवार, सकाळची पाळी, खिडकीजवळचं यंत्र. शेजारच्या यंत्रावर पायल ढोले. बावीस वर्षांची, शिक्षिका होण्यासाठी अभ्यास करणारी, बोलायला चुरचुरीत. बाकीचे चौघंही ठरलेले. या सहा जणांची एक रीत पडली होती. मूत्रपिंड गेलेल्या माणसाला पोटॅशियम विषासारखं. ते बटाट्यात असतं, टमाट्यात असतं, केळ्यात, नारळपाण्यात, तुरीच्या वरणात असतं. धडधाकट माणसाच्या शरीरातून जास्तीचं पोटॅशियम लघवीवाटे निघून जातं. मूत्रपिंडं बंद पडली की ते रक्तात साठत जातं आणि हृदयाचा ठोका ज्या बारीकशा विजेवर चालतो ती वीज बिघडवतं. रक्तात साडेतीन ते पाच असलं तर ठीक. सहाच्या पुढे काळजी. सातच्या पुढे हृदय काहीही न सांगता थांबू शकतं. पण यंत्र सुरू झाल्यावर पहिल्या तासात जे खावं, ते पोटातून रक्तात उतरेपर्यंत यंत्र ते गाळूनही टाकतं. म्हणून पहिला तास खाण्याचा. एका हातात सुया, दुसऱ्या हातात डबा. प्रल्हादच्या डब्यात टमाट्याची चटणी आणि ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकर, पायलकडे केळी, आणखी कुणाकडे वांग्याचं भरीत. आठवड्यातून दोनदा, एक-एक तास, ती सहा माणसं तोंडाला कुलूप न लावता जेवायची. पायलने त्याला 'पहिला तास' असं शाळेतलं नावच देऊन टाकलं होतं. उशिरा डबा उघडणाऱ्याला ती 'बाकावर उभे राहा' म्हणायची.

२०३८ च्या उन्हाळ्यात टिकली आली.

तिचं सरकारी नाव मोठं होतं, पण ती दंडावर चिकटवायची आणि दिसायला गोल होती, तेव्हा पहिल्या दिवसापासून ती टिकलीच झाली. तिच्या मागच्या बाजूला केसाहून बारीक सुया होत्या, कातडीत शिरल्या तरी दुखत नसे. कातडीखालच्या पाण्यातलं पोटॅशियम त्या दर पाच मिनिटांनी मोजायच्या आणि आकडा मुंबईतल्या संगणकाकडे जायचा. संगणक रोज पहाटे सगळ्यांचे आकडे आणि ते कुठल्या वेगाने चढताहेत हे बघायचा, आणि त्या दिवशी ज्यांना सगळ्यांत जास्त गरज, अशा बारा जणांना बोलवायचा. बाराव्या माणसाचा आकडा म्हणजे त्या दिवसाची रेषा. तिच्या वर असलेल्यांच्या फोनवर निरोप यायचा, खाली असलेल्यांनी थांबायचं. ठरलेले वार संपले.

"त्रेपन्न वर्षांत पयल्यांदा टिकली लावली," प्रल्हाद म्हणाला. "आता बांगड्या कधी देता, मॅडम?"

"काका, तुमाले शोभते," पायल म्हणाली. "काकूची जागा घेता तुमी आता."

डॉक्टर निखत शेख हसल्या. तरुण होत्या, तीन वर्षं त्या विभागात एकट्या होत्या, आणि दहा माणसांना परत पाठवायचं काम आता आपल्या तोंडून होणार नाही म्हणून त्यांना सुटल्यासारखं झालं होतं. सगळ्या राज्यात हे करून पाहिलं होतं. तेवढ्याच यंत्रांत मृत्यू एक तृतीयांशाने कमी झाले होते. ते आकडे खरे होते. वशिला संपला, आरडाओरडा संपला. वजन आणि सूज यांनाही संगणक गुण द्यायचा, पण ती मोजायची रुग्णालयात, आणि रुग्णालयात यायचं ते बोलावल्यावर. ही फट तेव्हा कुणाला दिसली नाही, कारण पोटॅशियम सगळ्यांत झपाट्याने मारतं आणि ते तर रात्रंदिवस मोजलं जात होतं.

टिकलीबरोबर प्रत्येकाला पांढऱ्या पावडरीच्या पुड्याही मिळाल्या. आकडा चढलाय आणि पाळी लांब आहे, अशा वेळी घ्यायच्या. डॉक्टरांनी बजावून सांगितलं, "ही पावडर आतड्यात पोटॅशियम धरते आणि त्याच्या बदल्यात सोडियम सोडते. सोडियम म्हणजे मीठच समजा. मीठ अंगात पाणी धरून ठेवतं. म्हणून दिवसाला एक, आणि लागोपाठ तीन दिवसांवर घ्यायची नाही."

कांचनला पुडीची गरजच पडली नाही. तिने पुड्या मसाल्याच्या फळीवर ठेवून दिल्या.

कारण कांचनइतकं पथ्य त्या एकेचाळीस घरांत कुणी करत नव्हतं. बटाटा सोलायचा, कागदासारख्या चकत्या करायच्या, कोमट पाण्यात दोन तास ठेवायच्या. ते पाणी फेकायचं, दुसऱ्यात पुन्हा दोन तास. मग भरपूर पाण्यात उकळून तेही पाणी फेकायचं. पोटॅशियम पाण्यात उतरतं आणि पाण्याबरोबर जातं. त्याच्यासोबत चवही जाते. उरतो तो पांढरा, मऊ, कशाचाच नसलेला पदार्थ. त्याला ती जिऱ्याची फोडणी द्यायची, आणि प्रल्हाद ते मुकाट्याने खायचा. "कापूस बरा शिजवला आज," एवढंच म्हणायचा.

या मेहनतीचं फळ असं मिळालं, की प्रल्हादचा आकडा चार पॉइंट सहाच्या वर जाईना, आणि त्याला कुणी बोलवीना. पाच दिवस गेले. पुढच्या खेपेला सात. मग नऊ.

नवव्या दिवशी त्याची चप्पल पायात जाईना, तेव्हा कांचन त्याला न बोलावताच घेऊन गेली.

"नंबर चांगला हाय म्हणता तं यायचे पाय काहून सुजले, मॅडम? बोट दाबलं तं खड्डा पडते. दोन पावलं चालले का दम लागते."

"मी वर कळवलंय, वहिनी. दोनदा कळवलंय. पण यादी मी करत नाही." डॉक्टरांनी प्रल्हादच्या पाठीला नळी लावून छाती ऐकली आणि त्यांचा चेहरा बदलला. "यांना आत्ताच घेते. तातडीची म्हणून एक पाळी मला देता येते."

तातडीची पाळी हवेतून येत नव्हती. बारातली एक होती. प्रल्हाद खिडकीजवळच्या यंत्राकडे चालत गेला तेव्हा त्या खुर्चीतून पायल उठत होती. तिच्या दंडाला पट्टा बांधून झाला होता, सुई तेवढी टोचायची होती.

"बसा काका, गरम करून ठेवली तुमच्यासाठी," ती म्हणाली. डबा पिशवीत घालून ती आईबरोबर बाहेर गेली. तिचे ओठ फिकट होते. प्रल्हादने त्या दिवशी डबा उघडला नाही.

घरी आल्यावर मात्र त्याचं अंग हलकं झालं होतं. चार किलो पाणी निघालं होतं. तो आडवा होऊन झोपू शकला. कांचन त्याच्याकडे पाहत बसली आणि तिच्या डोक्यात एक सरळ हिशेब उभा राहिला. तिच्या हाताने आकडा खाली ठेवला होता. आकडा खाली म्हणून पाळी नाही. मग तोच हात आकडा वरही नेऊ शकतो.

दुसऱ्याच आठवड्यात तिने बटाटा एकाच पाण्यातून काढला, तोही घाईत, आणि रश्शाला दोन टमाटे घातले.

"काय टाकलं वो आज?" प्रल्हादने पहिला घास घेऊन विचारलं. "लय दिवसांनी बटाटा बटाट्यावाणी लागून राह्यला."

"काई नाई. हात तोच हाय."

"हात तोच हाय, पण आज खूश दिसते."

पहाटे आकडा पाच पॉइंट आठ होता आणि निरोप आलेला होता.

तिचा हात लवकरच बसला. मोटार भरणाऱ्याला जसे किती वेढ्यांना किती जोर हे बोटांना कळतं, तसं तिला कळू लागलं की अर्ध्या टमाट्याने किती चढतं, वरणाचं पाणी न फेकता ठेवलं तर किती. चौथ्या दिवशी पाच पॉइंट सात, की बोलावणं. प्रल्हादचे पाय उतरले. तो पुन्हा दुकानात बसू लागला. दुपारी खाटखूट आवाज यायचा आणि तो ऐकत कांचन भांडी घासायची. त्या उन्हाळ्यातले तेवढेच दिवस चांगले गेले.

एकदा ती त्याला घेऊन गेली तेव्हा फाटकाजवळ पायलची आई बसलेली दिसली. शोभाताई. पायल तिच्या मांडीवर डोकं ठेवून होती. बोलावणं नव्हतं, तरी कुणाची पाळी रिकामी राहिली तर मिळेल म्हणून सकाळपासून त्या दोघी बसल्या होत्या.

"पाच पॉइंट पाच हाय तिचा," शोभाताई म्हणाली. "काल पाच पॉइंट पाचवाल्याले बोलावलं होतं. आज म्हणे रेषा वर गेली. रेषा कायनं वर जाते, वहिनी?"

कांचनला माहीत होतं रेषा कशाने वर जाते. ती शोभाताईशेजारी टेकली आणि हलक्या आवाजात, स्वयंपाकातली एखादी युक्ती सांगावी तसं, तिने सगळं सांगून टाकलं. तिच्याच्याने राहवेना.

शोभाताईला एक बहीण होती, बहिणीच्या गावात एक रुग्ण होता. पंधरा दिवसांत रेषा सहावर गेली. महिन्याभरात सहा पॉइंट चार. ज्यांनी कधी पथ्य मोडलं नव्हतं त्यांनाही मोडावं लागलं, कारण पाचवर बसून राहणाऱ्याला कुणी विचारत नव्हतं. पुड्या कुणीच घेईना. आकडा खाली आणणारं औषध घ्यायचं म्हणजे आपली पाळी दुसऱ्याला देण्यासारखं होतं. यंत्रं सहाच होती, पाळ्या बाराच होत्या. पूर्वी ज्यांना मिळायच्या त्यांनाच त्या साधारण मिळत होत्या. फरक इतकाच, की आता सगळे एक-एक पायरी वर, कड्याच्या जवळ उभे होते.

आषाढात पलीकडच्या गावचे एक गृहस्थ अंगणात दात घासताना पडले ते उठलेच नाहीत. त्यांच्या टिकलीवर सात पॉइंट एक होतं. दुसऱ्या दिवशीच्या यादीत त्यांचं नाव वरून दुसरं होतं.

डॉक्टर निखत यांनी रविवारी सगळ्यांना बोलावलं. यंत्रं बंद, हॉलमध्ये सतरंज्या. त्यांनी फळ्यावर रेषेचा चढ काढून दाखवला. पाच पॉइंट पाचपासून सहा पॉइंट चारपर्यंत. मग खडू ठेवला. "मी कुणाला दोष देत नाही. तुमच्या जागी मीही हेच केलं असतं. पण रोज बाराच माणसं बसतात. आकडे सगळ्यांचे वाढवलेत म्हणून तेरावी खुर्ची येत नाही."

मग प्रल्हाद भिंतीला हात लावून उठला.

"माह्याच धंद्यातलं सांगतो. आमच्या शिवारात पयले तीन एचपीची मोटार होती सगळ्याइच्या विहिरीवर. एकानं पाचची बसवली. त्याले पाणी जास्त आलं. मंग शेजाऱ्यानं साडेसातची बसवली. मंग धाची. मीच भरून दिल्या सगळ्या, पैसा बी कमावला. पाणी तेवढंच होतं. चार वर्षांत सगळ्याइच्या विहिरी कोरड्या." तो दम घ्यायला थांबला. "आता कोणी एकानं मोटार लहान केली तं तो मरते. कराची तं सगळ्याइनं एका दिवशी कराची."

"अन् कोणी नाई केली तं?" मागून कुणीतरी विचारलं.

"तं समजन ना. नंबर लपते काय?"

"काका, गृहपाठ म्हणून द्या," पायल म्हणाली, "मी तपासते सगळ्यांचा." हॉलमध्ये पहिल्यांदा कुणी हसलं.

ठरलं. सोमवारपासून सगळ्या घरांत दोन पाण्यांचा बटाटा, वरणाचं पाणी फेकायचं, टमाटा फक्त पहिल्या तासात. डॉक्टरांनी मुरमुरे आणले होते, त्यात पोटॅशियम नसल्यात जमा. सगळ्यांनी एकाच परातीतून मूठ-मूठ घेतले आणि ते खाऊन माणसं उठली. शपथ कुणी घेतली नाही, पण एका परातीतलं खाल्लं होतं.

मोटारसायकलवर मागे बसलेल्या कांचनला प्रल्हादने मान न वळवता विचारलं, "सुरुवात आपल्या घरून झाली ना?"

तिने पदर सावरला.

"मले चव समजते वो. बरं, जाऊ दे. आपण सुरू केलं, आता आपणच पयले बंद करू."

रेषा उतरू लागली. सहा पॉइंट चार, सहा पॉइंट एक, सहा. लोकांनी शब्द पाळला होता. रोज पहाटे रेषा कळली की माणसं एकमेकांना फोन करायची, क्रिकेटचा धावफलक विचारावा तशी. पाच पॉइंट आठला पायलचं बोलावणं आलं. प्रल्हादने ती बातमी कांचनला दोनदा सांगितली.

त्याचा आकडा चार पॉइंट सात होता. सगळे पथ्यावर आल्यावर सगळ्यांत खाली पुन्हा तोच, कारण कांचनचा हात सगळ्यांत चांगला. पाच दिवस झाले. पुन्हा चप्पल घट्ट होऊ लागली.

सहाव्या दिवशी कांचन बटाट्याच्या पातेल्यासमोर उभी राहिली. पहिलं पाणी बदलायची वेळ झाली होती. परातीतले मुरमुरे तिला आठवत होते, पायलही आठवत होती. आणि दुकानातून आवाज येत नव्हता. तो तार भरायला बसला होता आणि अर्ध्यावर थांबून नुसता श्वास घेत होता, हे तिला भिंतीपलीकडूनही कळत होतं. तिने चकत्या पहिल्याच पाण्यातून उपसल्या आणि दोन टमाटे बारीक चिरले. एकच खेप, तिने मनाशी म्हटलं. एक पाळी मिळाली की बंद.

प्रल्हादने पहिला घास घेतला. तिच्याकडे पाहिलं. मग दुसरा घेतला. ताट पुसून खाल्लं.

पहाटे आकडा चार पॉइंट आठ.

तिला खरं वाटेना. दुसऱ्या दिवशी तिने तीन टमाटे घातले, वरणाचं पाणी ठेवलं. आकडा चार पॉइंट सात. तिसऱ्या दिवशी रश्शात नारळाचं पाणी ओतलं. चार पॉइंट आठ. टिकली बिघडली असणार म्हणून तिने ती बदलून घेतली, नवीही तेच सांगू लागली. तिचे हात चुकत नव्हते, तरी आकडा जागचा हलत नव्हता.

"चला, तसेच जाऊ," ती म्हणाली. "तातडीचे म्हणून घेतील."

"कोणाले उठवून?"

"कोणाले का उठवेनात!"

"आपल्याले बोलावलं नाई ना अजून." तो खाटेला टेकून बसला होता. आता आडवं होता येत नव्हतं. "उद्या पाहू. उकाडा हाय म्हणून दम लागून राह्यला."

"उकाडा मले बी हाय. मले काहून लागत नाई?"

"तुई मोटार नवी हाय," तो म्हणाला, आणि हसता हसता त्याला खोकला आला.

दहाव्या दिवशी सकाळी त्याला धड बोलता येईना. ओठ निळसर, घशात घरघर, कपाळावर थंड घाम. शेजाऱ्याची जीप दारात आली. कांचनने निघताना सवयीने डबा घेतला. यंत्रावर जायचं म्हणजे पहिला तास, पहिला तास म्हणजे टमाट्याची चटणी. ती केव्हा भरली हेही तिला आठवत नव्हतं.

मागच्या सीटवर तिने त्याला छातीशी उभा धरला होता. रस्त्याच्या दोन्ही अंगांना मिठाने पांढरी पडलेली वावरं होती.

"कांचन," तो म्हणाला. एक-एक शब्दाला एक-एक श्वास लागत होता. "तू टमाटे... टाकत होती ना?"

"टाकत होते. बोलू नका."

"मी... पुड्या घेत होतो."

तिला आधी समजलंच नाही.

"तुह्या फळीवरच्या... संपल्या. मंग पायलनं... तिच्या देल्या. मीच मागतल्या. दोन-दोन... दुकानात बसून."

ती पावडर पोटॅशियम धरते आणि बदल्यात मीठ सोडते. मीठ पाणी धरतं. डॉक्टर बोलल्या होत्या ते शब्दच्या शब्द कांचनच्या कानात वाजले. ती आकडा जितका चढवत होती तितका तो उतरवत होता. आणि त्या उतरवण्यातूनच त्याच्या अंगात हे पाणी भरत गेलं होतं, रोज थोडं थोडं, छातीपर्यंत.

"तुमाले कळत होतं मी टाकते म्हणून! मंग बोलले काहून नाई? मी बंद केलं असतं ना!"

"म्हणूनच," प्रल्हाद म्हणाला. थोडा श्वास जमवला. "बंद केलं असतं तू. लय चांगली... लागत होती भाजी."

रुग्णालयात त्याला ढकलखुर्चीवरून आत नेलं. डॉक्टर निखत धावत आल्या, आल्या-आल्या रक्त काढून तपासणीला पाठवलं, तोंडावर प्राणवायूचा मुखवटा चढवला. त्यांनी टिकलीचा आकडा पाहिला, मग छातीला नळी लावली, पुन्हा आकडा पाहिला. सहाही यंत्रं चालू होती. खिडकीजवळच्या यंत्रावर पायल होती, केळं अर्धं सोललेलं.

"मॅडम, मले काढा," ती ओरडली. "काकाले घ्या. काढा मले!"

डॉक्टरांनी स्वतः तिचं रक्त परत अंगात सोडलं, सुया काढल्या. पण एका माणसाच्या नळ्या दुसऱ्याला चालत नाहीत. यंत्र आतून धुवावं लागतं, नवी गाळणी बसवावी लागते, नव्या नळ्यांतून मिठाचं पाणी फिरवून हवेचा बुडबुडा न् बुडबुडा काढावा लागतो. कितीही घाई केली तरी त्याला पंचवीस मिनिटं लागतात. पायल दंडावरचा कापूस दाबून भिंतीशी उभी राहिली. कांचन प्रल्हादचा हात धरून होती. यंत्रात नवं पाणी फिरत होतं. ते तिला दिसत होतं, पारदर्शक, गोल गोल.

सोळाव्या मिनिटाला त्याचा हात तिच्या हातात जड झाला. डॉक्टर त्याच्या छातीवर बराच वेळ दाब देत राहिल्या. मग त्यांनी घड्याळाकडे पाहिलं.

यंत्र भरून तयार झालं आणि त्याची हिरवी खूण लागली.

पायल हळूहळू कांचनजवळ आली आणि तिच्या पायाशी जमिनीवर बसली. "काकू, मी कशाले देल्या पुड्या," ती म्हणत राहिली, "काका म्हणे दुकानात एकाले पाह्यजेत. मी विचारलंच नाई." कांचनने तिच्या डोक्यावर हात ठेवला. दुसऱ्या हातात डबा तसाच होता. थोड्या वेळाने तिने तो पायलच्या मांडीवर ठेवला.

"तुई पाळी अर्धवट राह्यली हाय," ती म्हणाली. "जाय, बस. यंत्र तयार हाय. चटणी हाय त्यात, पयल्या तासाची."

डॉक्टरांनी मान हलवली. पायल उठली. खिडकीजवळच्या खुर्चीत बसली, दंड पुढे केला. सुया टोचल्यावर तिने एका हाताने डबा उघडला. बाकीची पाच माणसं तिच्याकडे पाहत होती. तिने एक बोट चटणी जिभेवर ठेवली आणि रडत रडत खाल्ली.

त्या दिवशीची रेषा पाच पॉइंट चार होती, उन्हाळ्यापासूनची सगळ्यांत खालची. साडेदहाला प्रल्हादच्या रक्ताचा अहवाल आला. पोटॅशियम ४.८. सामान्य मर्यादा ३.५ ते ५.०.